झिरपणात लोखंड नाही

वर्धा,
३ ऑगस्ट २०२५

प्रिय अनुप,

पा. ओ. का.? माझे घोट्यापर्यंत.

तुझं पत्र मिळालं. टाइप केलेलं. आपण पाचवीच्या सुट्टीत कागदावर झिरपण वसवलं तेव्हापासून तू मला टाइप केलेलं पत्र पाठवलेलं नाहीस. तुझ्या अक्षराला वैतागून मीच एकदा सुचवलं, तर झिरपणात छापखाना आला की पहिल्याच दिवशी बगळे देश सोडतील, असं तू म्हणाला होतास. आता लिहितोस की उजव्या हाताला लचक भरली आहे. ठीक. पण लचक भरलेल्या हातानं तिकीट इतकं सरळ लागतं का? तुझं तिकीट नेहमी कलंडलेलं असतं. या वेळचं पाकिटाच्या कडेला समांतर आहे.

वर सप्रेम जयभीम आहे, तो पोचला. पण पाय ओले का याचं उत्तर नाही. झिरपणात दोन माणसं भेटली की एवढंच विचारतात आणि पाणी कुठवर आलं ते सांगतात. नियम तुझाच.

तुला फोन लावला, बंद आहे. तुझ्या घरी मामींना लावला. अनुप अभ्यासात आहे, कुणाशी बोलत नाही, असं त्या म्हणाल्या आणि लगेच भाजी करपल्याचं सांगून फोन ठेवून दिला. मामींची भाजी करपत नाही.

माझ्या टेबलावरच्या वाडग्यात दिवटा मासा आहे असं आपण गेल्या वर्षी ठरवलं होतं. समोर कुणी खोटं बोललं की तो उजळतो, म्हणून झिरपणातल्या भल्या माणसांच्या घरी अंधार असतो. तुझं पाकीट उघडल्यापासून माझ्या खोलीत वाचण्याइतका उजेड आहे.

आता कामाचं. नकाशाचा उत्तर भाग झाला. धुकं विकणाऱ्या बाया ज्या कालव्यातून होड्या नेतात, तो मी थोडा पूर्वेला सरकवला आहे. दिवसभर ऑफिसात वणा नदीच्या पूररेषा आखते. चढावर वाहणारं पाणी मला संध्याकाळी काढवत नाही. पाणकणसाची तरंगती बेटं काढून तयार आहेत. फक्त जूनमध्ये विचारलेला प्रश्न शिल्लक आहे. ही बेटं वाहून का जात नाहीत? कशाला बांधलेली आहेत?

वाकडं लिही, पण हातानं लिही. लोभ आहे, तो आटू देऊ नकोस.

मोजणीदार
माधवी

*

अल्लीपूर,
११ ऑगस्ट २०२५

प्रिय माधवी हिस,

सप्रेम जयभीम. वि. वि.

तुझे दि. ३ चे पत्र मिळाले. पाय ओले आहेत. हात अजून दुखतो, त्यामुळे कॉम्प्युटरवाल्याकडून टाइप करून घेत आहे. फोन दुरुस्तीस दिला आहे.

तू विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर असे की, झिरपणातील बेटे लोखंडी साखळदंडाने बांधलेली आहेत. साखळदंड मजबूत आहेत. काळजी नसावी.

मलाही एक विचारायचे होते. झिरपणातील एखादा माणूस घरच्यांवर रुसून निघाला, तर तो कोणत्या बेटावर जातो? तेथे राहण्या-जेवण्याची सोय कशी असते? तेथपर्यंत रस्ता कोणता? नकाशा तुझ्याकडे आहे, तेव्हा तुला माहीत असणारच. पूर्वी आपले याबद्दल ठरले असेल, पण मी विसरलो. सविस्तर लिहावे. शक्य तो लवकर लिहावे.

वर्ध्यास डास फार झाल्याचे ऐकतो. मच्छरदाणी लावून झोपावे. पावसाळ्यात बाहेरचे खाऊ नये. लोभ असावा, ही विनंती.

तुझा,
अनुप

*

वर्धा,
१६ ऑगस्ट २०२५

प्रिय अनुप,

पा. ओ. का.? माझे अजून घोट्यापर्यंतच.

लोखंडी साखळदंड नकाशात दाखवते. उत्तर मिळालं हे बरं झालं.

रुसलेला माणूस कुठे जातो हे तू विसरलास याचं नवल वाटलं, पण अभ्यासात माणूस विसरतो. आपलं ठरलेलं होतं. थोरल्या ताईसाहेबांच्या बेटापासून पश्चिमेला मोठी नदी लागते. तिच्यावर लोखंडी पूल. पुलाच्या अलीकडे काठावर तीन चिंचा ओळीनं. त्यांतल्या मधल्या चिंचेखाली नावाड्याचं खोपट. रुसलेली माणसं तिथे जातात. जेवणाची सोय नावाडी करतो. ताईसाहेबांना यातलं काही माहीत नसतं.

आठवलं ना?

मच्छरदाणी लावते. लोभ ठेवशीलच.

मोजणीदार
माधवी

*

नाचणगाव,
२५ ऑगस्ट २०२५

प्रिय माधवीस,

सरिताताईचे अ. आ. आणि जयभीम. वि. वि.

तू म्हणशील ताईले आज पत्र लिहायची काय आठवण झाली. पण फोनवर बोलाची सोय नाई, सासूबाई बाजूलेच बसून राह्यतात आणि गोष्ट आहे आमच्या बाबाची, तुझ्या मामाची. लहानपणी बाबांनी आपल्या सगळ्याईले वाढदिवसाले कपड्याऐवजी पोस्टकार्डाचा गठ्ठा दिला, त्याचा हा फायदा.

तान्ह्या पोळ्याच्या दिवशी बाबा अचानक आले. ना फोन, ना निरोप. मी म्हटलं काऊन आले एकदम, तं म्हणे सहज. आपले बाबा सहज कुठी गेले आहेत का कधी? चहा घेतला आणि ह्यांना विचारलं की इथून पश्चिमेला नदीवर लोखंडी पूल कुठं पडते. हे म्हणाले रेल्वेचा पूल आहे. तं बाबा म्हणे, त्याच्या अलीकडे तीन चिंचा ओळीनं आहेत काय, आणि मधल्या चिंचेखाली कोणाचं खोपट. ह्यांना काही समजेना. तरी गाडीवर बसवून घेऊन गेले. दोघं दुपारभर काठानं फिरले. एक चिंच सापडली, बाकी बाभळी. बाबा त्या एका चिंचेखाली बराच वेळ उभे राह्यले म्हणते. ह्यांनी गंमतीनं विचारलं, मामाजी, पोस्टातून रिटायर झाल्यावर झाडं मोजायची नवी नोकरी लागली काय. बाबा हसले नाई. तुले माहीत आहे, बाबा पोस्टावरच्या विनोदाले तरी हसतात.

अनुपचं विचारलं तं म्हणे नागपूरले क्लास लावला. तू लावून दिला का? मले त्यानं राखीलेही फोन केला नाई. रागावला असंल तं सांगजो.

तुले काही माहीत असंल तं लपवू नको. आणि माहीत नसंल तं काऊन माहीत नाई तेही लिहिजो. माया असू दे.

तुझी,
सरिताताई

*

वर्धा,
२९ ऑगस्ट २०२५

ती. गुलाबमामास,

माधवीचा सविनय जयभीम. वि. वि.

सरिताताईंचं पत्र आलं. तीन चिंचा जगात फक्त दोन माणसांना माहीत होत्या. एक मी, जिनं त्या १६ तारखेला कागदावर लावल्या. दुसरं ते, ज्यानं अनुपच्या नावावरचं माझं पत्र उघडलं. म्हणून हे पत्र तुमच्या नावावर लिहिते आहे.

झिरपणात लोखंड नाही, मामा. पहिल्याच उन्हाळ्यात अनुपनं ते हद्दपार केलं. लोखंड आलं की कुलूप येतं, असं त्याचं म्हणणं होतं. ज्या माणसानं बेटांना साखळदंड बांधले तो अनुप नाही, हे मला तेव्हाच कळलं. नंतरचा पूल मी फक्त कोण चढतं ते पाहायला बांधला. दलदलीत चिंच येत नाही, हेही अनुपनं मला लगेच सुनावलं असतं.

आधी मला मशीनचा संशय आला होता. हल्ली कुणीही मशीनकडून पत्र लिहून घेतं आणि तेही असंच सगळ्याला हो म्हणतं. पण मशीन मच्छरदाणी लावून झोपायला सांगत नाही.

आणखी एक. रुसलेला माणूस कुठे जातो, असं झिरपणात विचारायला मनाई आहे. कुठून आलास, कुणाचा, कुठे चाललास, हे तिन्ही प्रश्न त्या देशात नाहीत. अनुप पाचवीत हिंगणघाटच्या शाळेत गेला तेव्हा एका गुरुजींनी त्याला वर्गात उभं करून आडनाव विचारलं. नंतर गाव, मग गावातला भाग. उत्तरं मिळाल्यावर बस म्हणाले आणि त्याची जागा बदलली. ते त्यानं घरी सांगितलं नाही. त्या सुट्टीत त्यानं एक देश काढला, जिथे नावाडी फक्त पाय ओले का एवढंच विचारतो. तुमच्या टाइप केलेल्या पत्रात नेमका कुठे चाललास हाच प्रश्न होता.

आता मी विचारते आणि मला खरं उत्तर हवं आहे. अनुप कुठे आहे? तुम्ही त्याला काय बोललात? माझी पत्रं का उघडलीत? तुमच्यावर विश्वास ठेवायची इच्छा आहे. सध्या फक्त इच्छा आहे.

आपली,
माधवी

*

अल्लीपूर,
४ सप्टेंबर २०२५

चि. माधवी हिस,

मामाचे अ. आ. व जयभीम.

हे हाताने लिहीत आहे. माझ्या हाताला लचक नाही आणि अनुपच्याही नव्हती.

अनुप जुलैच्या पहिल्या आठवड्यात गेला. कुठे गेला ते मला माहीत नाही. स्पर्धा परीक्षेचा फॉर्म यंदा भरणार नाही म्हणाला. घरी गावातला प्रेमदास आला होता, त्याचा मुलगा नायब तहसीलदार झाला त्याचे पेढे घेऊन. त्याच्यासमोर मी बोलून गेलो की आमच्या साहेबाचा देश कागदावरचा, तिथे तहसील नाही, म्हणून हे बसून राह्यले. प्रेमदास हसला. अनुप उठला, पेढा खाल्ला, ताटली धुतली आणि दुसऱ्या दिवशी घरात नव्हता. चिठ्ठी ठेवली की बरा राहीन, शोधू नका. फोन बंद.

पोलिसांत गेलतो. ते म्हणाले, सज्ञान आहे, चिठ्ठी आहे, वाट पाहा. गावात सांगायची हिंमत झाली नाही. सरितालाही नाही.

मग जुलैत तुझे पत्र आले. मी उमेदवारीपासून रिटायर होईपर्यंत पोस्टात काढले, कोणाचे पाकीट उजेडालाही धरले नाही. पोस्टमन गेल्यावर ते मी चुलीवरच्या वाफेवर धरून उघडले, पुढची दोनही तशीच. मला वाटले, तुम्हा दोघांची ही खुणेची भाषा आहे. बेट म्हणजे गाव, कालवा म्हणजे रोड, थोरल्या ताईसाहेब म्हणजे सरिता. केळझरलाही जाऊन आलो, कारण आधीच्या एका पत्रात हत्तीच्या पाठीसारख्या टेकडीवरचे देऊळ होते. तेथे भक्तनिवासात चौकशी केली. तुझी मामी म्हणते, पोराले शोधाले चिंचा मोजून राह्यले, तेवढे शब्द त्याच्यासंगं बोलले असते तं तो गेलाच नसता. बरोबर बोलते.

शाळेतल्या त्या गुरुजींचे मला ठाऊक नव्हते. ते तीन प्रश्न मला पाठ आहेत. सायकलवर डाक घेऊन नव्या गावी गेलो की पत्र हातात घेण्याआधी तेच विचारत. मीही पोरगा मोठा झाल्यावर त्यालाच विचारत बसलो.

तुझ्याकडे त्याचा ठावठिकाणा असेल असा माझा संशय अजून गेलेला नाही. तू हुशार आहेस, चिंचा लावू शकतेस तर माणूसही लपवू शकतेस. असेल तर एवढेच सांग की आहे. लोभ करण्यासारखे मी काही ठेवले नाही, तरी करावा.

तुझा मामा,
गुलाब

*

(तारीख नाही)

मोजणीदारीणबाई,

पा. ओ. का.? माझे खरोखर गुडघाभर.

दोन महिने पत्र नाही म्हणून तू मला शिव्या घातल्या असशील. अल्लीपूरच्या पत्त्यावर लिहिलं असशील तर ती पत्रं पोस्टाच्या जुन्या माणसाच्या हाती पडली असतील. तो फोडणार नाही याची मला खात्री आहे. तेवढा एकच भरवसा त्याच्याबद्दल उरला आहे.

मी एका तळ्यावर नाव चालवतो. लोक पक्षी पाहायला येतात. मी त्यांना कुठून आलात विचारत नाही, त्यामुळे त्यांना मी फार आढ्यताखोर वाटतो. मालक चांगला आहे, स्वयंपाक वाईट आहे. सुरुवातीला नाव गोल गोल फिरायची. आता सरळ जाते, कधी कधी.

जूनचा तुझा प्रश्न विसरलो नाही. बेटं बांधलेली नाहीत. खाली गाळात म्हाताऱ्या माशांची जात आहे, ते मुळं तोंडात धरून असतात. दोराचा काही संबंध नाही. मासे कधी वर येत नाहीत आणि बेटाला वाटतं की आपण आपल्या मनानं थांबलोय. नकाशात दाखवू नकोस, दिसत नाहीत ते.

कालव्याचं पाणी चढावर वाहत होतं, हे मला इथे नाव चालवल्यावर कळलं. सरकवला नसशील तर सरकव.

पत्ता मागच्या बाजूला आहे. तुझ्यापुरता. लोभ ठेव, तिकीट कमी पडलं तर दंड तू भर.

नावाडी

*

वर्धा,
२० सप्टेंबर २०२५

ती. मामास,

सविनय जयभीम. वि. वि.

आहे.

परवा पत्र आलं. तुम्ही मला फसवल्यापासून मी कुठलंही पाकीट आधी बाहेरून तपासते, म्हणून हेही तपासलं. अक्षर वाचता येत नाही. तिकीट कलंडलेलं आहे. जूनच्या पत्रातल्या प्रश्नाचं उत्तर आहे आणि त्यात लोखंड नाही. दिवटा मासा काळोखात बसून आहे. अनुपच आहे.

जेवतो. काम करतो. पाण्याजवळ आहे. एवढंच मी सांगणार. पाकीट तुम्हाला दाखवणार नाही, कारण शिक्का कितीही पुसट असला तरी तुम्ही वाचाल. माझ्या खोलीवर अचानक सहज येऊ नका. पाकीट इथे नाही.

मी जरा कठोर लिहिते आहे, मला माहीत आहे. पण अजून मला खात्री नाही की पत्ता दिला तर तुम्ही पहिली गाडी पकडून तिथे उभे राहणार नाही, आणि सगळ्यांसमोर त्याला विचारणार नाही की घरी केव्हा येतोस. तुम्ही त्याचं पाकीट फोडणार नाही अशी त्याला खात्री आहे. तसं त्यानं लिहिलं आहे. तुमच्याबद्दल तेवढा एकच भरवसा उरला आहे, असंही. मी त्याला काहीच कळवलेलं नाही. ते कळवायचं की नाही, हे तुमच्यावर सोडते.

तुम्ही त्याला लिहू शकता. मी पोचवीन. अट झिरपणाचीच: कुठे आहेस, केव्हा येतोस, पुढे काय करणार, यांतलं काही नाही. मामींना सांगा की आहे. सरिताताईंना मी लिहिलं.

तुमच्या लोभाचा माझ्याकडे हिशेब नाही. पोस्टकार्डांचे गठ्ठे मात्र आठवतात.

आपली,
माधवी

*

अल्लीपूर,
२५ सप्टेंबर २०२५

प्रिय नावाडी,

पा. ओ. का.? माझे कमरेपर्यंत.

मोजणीदारीणबाईने तुमच्या देशाचे कायदे कळवले. ते पाळून लिहीत आहे. त्यामुळे लिहायला फार थोडे उरते, हे लक्षात आले.

तुझी पाकिटे मी फोडली. तीन. हे पहिले लिहितो, म्हणजे पुढे वाचायचे की नाही ते तुला ठरवता येईल. तुझ्या बेटांना साखळदंडही मीच बांधले होते. ते सोडले.

केळझरची टेकडी हत्तीसारखी नाही. जाऊन पाहून आलो. तुझी खरी कुठली, ते विचारत नाही.

तुझी आई म्हणते, त्याले म्हणा भात मऊ शिजवजो, तुले आदळआपट करून शिजवायची सवय आहे. हा प्रश्न नाही, म्हणून कळवत आहे.

बाकी घरी सर्व ठीक आहे. मी पूर्वीसारखाच जेवतो. तुझी खोली रिकामी वाटत नाही. दुपारी पोस्टमनची सायकल वाजली तर मी बाहेर जाऊन पाहत नाही. एव्हाना तुमचा दिवटा मासा उजळला असेल. त्याच उजेडात पुढची ओळ वाच.

प्रेमदासच्या मुलाचा पेढा मला गिळवला नाही त्या दिवशी. तू खाल्लास.

तुझा,
बाबा

ता. क. पाकिटावर तिकीट लावून ते कोरे ठेवले आहे, पत्ता माधवी लिहील. पत्ता नसलेले टपाल मी आयुष्यभर परत पाठवत आलो. हे पोचावे.